मोहन, ताक आणि चिंचेच्या जोरावर फुगणारा स्कोन

पिठाची एक चकती घ्या. जाडी साधारण दोन बोटं. तिच्यात यीस्ट नाही, अंडं नाही, रात्रभर आंबवून ठेवलेलं काही नाही. ती तापलेल्या भट्टीत सरकवा आणि पंधरा मिनिटांनी बघा. चकती चांगली उंच झालेली असते, कडेला आडव्या भेगा पडून पदर दिसायला लागलेले असतात, माथा तांबूस झालेला असतो आणि मधूनमधून टपोरे बेदाणे डोकावत असतात. हाताने उकला. सुरी लावायची गरजच नाही, मधोमध दोन भाग होतात आणि आतून वाफ येते.

हा फ्रूट स्कोन. इडलीच्या पिठाला फुगायला अख्खी रात्र लागते, पावाच्या कणकेला काही तास. मग याला पंधरा मिनिटांत कोण उचलतं?

हे शोधायला नांदेडच्या किंवा लातूरच्या स्वयंपाकघरातून बाहेर पडावंच लागत नाही. परातीत, ताकाच्या भांड्यात, हळदीच्या डब्यात आणि चिंचेच्या बरणीत सगळी उत्तरं आहेत. नाव परदेशी, पण ज्या करामतींवर हा पदार्थ उभा आहे त्यातल्या बहुतेक आपल्या हातांना कधीपासून येतात.

आधी त्याचं मूळ गाव बघू. स्कोन स्कॉटलंडचा. गॅविन डग्लस या स्कॉटिश कवीने १५१३ साली व्हर्जिलच्या महाकाव्याचं भाषांतर पूर्ण केलं, त्यात स्कोनचा उल्लेख आहे. म्हणजे पाचशे वर्षांहून जुना पदार्थ. पण तेव्हाचा स्कोन तुम्ही पाहिला असता तर ओळखला नसता. तो चपटा होता! ओटच्या किंवा जवाच्या पिठाचा थापलेला गोल, आचेवरच्या लोखंडी तव्यावर भाजलेला आणि मग कापून त्रिकोणी तुकडे केलेला. भट्टीचा पत्ताच नाही.

ओळखीचं वाटतं ना? थंड, ओल्या स्कॉटलंडमध्ये गहू जेमतेम पिकायचा, तिथल्या गरिबाचं धान्य ओट आणि जव. मराठवाड्याच्या काळ्या रानात ज्वारी. दोन्हीकडच्या पिठांत गव्हाचा तो ताणला जाणारा चिवटपणा नाही, त्यामुळे दोन्हीकडे भाकर तव्यावरच जन्मली आणि चपटीच राहिली. जगाच्या दोन टोकांना एकमेकींना कधी न भेटलेल्या बायका धान्याच्या एकाच स्वभावापुढे एकाच उपायाला पोचल्या.

तो गव्हाचा चिवटपणा काय असतो, हे डोळ्यांनी बघायचं आहे? पोळीच्या कणकेचा लिंबाएवढा गोळा घ्या, चांगला मळा, पंधरा मिनिटं झाकून ठेवा. मग तो पाण्याच्या बारीक धारेखाली धरून हलक्या हाताने चोळत राहा. पाणी दुधासारखं पांढरं होऊन वाहायला लागेल. तो स्टार्च. गोळा लहान लहान होत जाईल, वाटेल की आता सगळाच वाहून जाणार. आणि मग पाणी अचानक नितळ यायला लागेल. तुमच्या बोटांत एक करडा, रबरासारखा लगदा उरलेला असेल. ओढा, तो लांबतो. सोडा, तो मागे येतो. हे ग्लुटेन. कोरड्या पिठात ते नसतं. गव्हातली दोन प्रथिनं पाणी मिळताच एकमेकांना धरतात आणि मळताना त्यांचं जाळं विणलं जातं. पोळी न फाटता लाटली जाते ती याच जाळ्यामुळे. ज्वारीच्या पिठावर हाच प्रयोग करून बघा. हाती काही उरणार नाही.

पोळीला आणि पावाला हे जाळं हवं असतं, स्कोनला नको असतं. स्कोनमध्ये ते विणलं गेलं की तो वातड होतो, चावताना दातांशी झगडतो. पण गंमत बघा, गव्हाच्या पिठात पाणी तर घालायचंच आहे. मग जाळं अडवायचं कसं?

शंकरपाळ्या करणाऱ्या कुणालाही विचारा. मोहन घालून!

मोहन पिठाला चोळतो तेव्हा आपण नक्की काय करत असतो? पिठाच्या कणाकणावर स्निग्धाचा पातळ लेप चढवत असतो. नंतर पाणी घातलं तरी ते लेपाखालच्या प्रथिनांपर्यंत धड पोचत नाही, म्हणून जाळं अर्धवटच विणलं जातं. मोहन पुरेसं झालं की नाही, हे बघायची आपली परीक्षाही किती नेमकी आहे: पीठ मुठीत दाबायचं, मुटका वळला पाहिजे आणि बोटाने टोकरला की फुटला पाहिजे. वळतो, कारण लेप सगळीकडे पोचलाय. फुटतो, कारण जाळं नाही. प्रथिनांचं नावही न ऐकलेल्या हातांनी ही कसोटी शोधली आहे.

स्कोनमध्येही हेच करतात, पण एका मोठ्या फरकाने. आपलं मोहन कडकडीत, त्यांचं थंडगार. आणि या एका फरकातून दोन निरनिराळे पदार्थ निघतात. कडकडीत तूप पातळ असतं, ते पिठात सगळीकडे सारखं पसरतं, म्हणून शंकरपाळी आरपार खुसखुशीत होते. फ्रीजमधून काढलेलं बटर घट्ट असतं. ते बोटांच्या टोकांनी पिठात चुरलं की काही पिठाला लेप लागतो आणि बाकीचं बटर तुरीच्या डाळीएवढ्या चपट्या कणांच्या रूपात तसंच राहतं. हे कण भट्टीत वितळतात आणि जिथे ते होते तिथे पोकळी उरते. नुसती पोकळीही नाही. बाजारच्या बटरमध्ये साधारण १६ टक्के पाणी असतं, घरच्या लोण्यात त्याहून जास्त. त्या पाण्याची वाफ होते. आणि १ मिलिलिटर पाण्याची वाफ झाली की ती सुमारे १,७०० मिलिलिटर जागा मागते! पिठाच्या थरांमध्ये अडकलेली ती वाफ थर वर ढकलते आणि पदर सुटतात.

पदर सुटणं हा शब्द तर आपला रोजचाच. रानात रोडग्यांचा बेत असतो तेव्हा काय करतात? गव्हाच्या जाडसर पिठाच्या लहान लहान पुऱ्या लाटायच्या, तेलाचं बोट फिरवत एकावर एक ठेवायच्या, गोळा वळायचा आणि गोवऱ्यांच्या निखाऱ्यात पुरायचा. भाजलेला रोडगा फोडला की आत पदर. स्निग्धाने थर वेगळे ठेवायचे आणि वाफेने ते उचलायचे, ही विद्या आपल्या शेताच्या बांधावर मातीत खड्डा करून चालते. स्कोन तीच भट्टीत चालवतो.

आता कळेल की नांदेडच्या मे महिन्यात स्कोन चपटा का बसतो. बटर साधारण ३२ ते ३५ अंशांना वितळतं आणि दुपारी बाहेरचा पारा चाळिशी ओलांडून गेलेला असतो. कण भट्टीत जायच्या आधी परातीतच विरघळतात, पोकळ्या होतच नाहीत. मग उन्हाळ्यात पहाटे करायला घ्यायचं, पीठसुद्धा फ्रीजमध्ये गार करायचं, बटर बर्फाच्या कप्प्यात कडक करून किसणीवर किसायचं आणि बोटांची ऊब लागायच्या आत पिठात मिसळायचं. थंडीच्या दिवसांत मात्र ओट्यावरचं बटर आपोआप घट्ट असतं. ते दिवस इथल्या स्कोनचे.

पण एकट्या वाफेने स्कोन इतका उंच होत नाही. दुसरा गडी हवा. तो सोड्याच्या पुडीत झोपलेला असतो.

खाण्याचा सोडा आणि आंबट ताक. दोन्ही एका वाटीत घाला आणि कान जवळ न्या. फसफस ऐकू येते. ताकातलं लॅक्टिक आम्ल सोड्यातला कार्बन डायऑक्साइड बाहेर काढत असतं. किती वायू निघतो, याचा अंदाज आहे? पाव चमचा सोडा, म्हणजे जेमतेम सव्वा ग्रॅम. त्याला पुरेसं आम्ल मिळालं की सुमारे एक तृतीयांश लिटर वायू! चिमटीत मावणाऱ्या पांढऱ्या पुडीत एवढा वायू दडलेला असतो, यावर विश्वास बसत नाही. भट्टीच्या उष्णतेत तो आणखी प्रसरण पावतो आणि पिठाला जाळी पडते.

हा वायू पुडीत आला कुठून? ही गोष्ट मला या सगळ्यात थोर वाटते. सोडा तयार करायची जी रीत एर्नेस्ट सोल्व्हे या बेल्जियन उद्योजकाने १८६१ मध्ये शोधली, तिला दोनच मुख्य गोष्टी लागतात: समुद्राचं मीठ आणि चुनखडीचा दगड. गुजरातेत मीठापूरला टाटा केमिकल्सचा कारखाना १९३९ पासून आहे, तिथेही कच्चा माल हाच. चुनखडी भाजली की तिच्यातून कार्बन डायऑक्साइड निघतो आणि तोच सोड्यात कोंडला जातो. आता चुनखडी कशाची झालेली असते? बव्हंशी प्राचीन समुद्रातल्या शंखशिंपल्यांची आणि सूक्ष्म जिवांच्या कवचांची. म्हणजे एका जिवाने समुद्राच्या पाण्यातला कार्बन उचलून आपलं घर बांधलं, ते घर तळाशी दबून दगड झालं, दगड कारखान्यात भाजला गेला, वायू पुडीत कोंडला गेला आणि लातूरच्या एका ओट्यावर, ताकाचा स्पर्श होताच, तो मोकळा झाला. स्कोनला वर उचलणारा तो हाच.

सोड्याचा एक जुना, नैसर्गिक भाऊबंद तर आपल्या शेजारीच आहे. मराठवाड्याच्या सीमेला लागून बुलढाणा जिल्ह्यात लोणारचं सरोवर आहे. आकाशातून आलेली उल्का बेसॉल्टच्या खडकावर आदळून झालेला, सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा खळगा. पाणी आत येतं, बाहेर जायला वाट नाही. पाणी आटतं आणि क्षार मागे उरतात, त्यात धुण्याच्या सोड्याचा, म्हणजे सोडियम कार्बोनेटचा, मोठा वाटा. सोळाव्या शतकाच्या अखेरीस लिहिल्या गेलेल्या ऐन-ए-अकबरीत या जागेची नोंद आहे ती काच आणि साबण करायला लागणाऱ्या सामग्रीसाठी. पापडखारातही याच कुळातले क्षार असतात. उल्केच्या खळग्यापासून पापडाच्या पिठापर्यंत एकच घराणं!

पण सोडा घालताना हात सैल सोडला तर? आम्ल संपतं आणि सोडा उरतो. आचेवर तो स्वतःहूनही फुटतो, मात्र तेव्हा निम्माच वायू देतो आणि मागे धुण्याचा सोडा ठेवून जातो. म्हणून सोडा जास्त झालेल्या पदार्थाला साबणासारखी चव आणि पिवळट रंग येतो. आपल्या स्कोनमध्ये असं झालंय का, हे ओळखायचा एक देखणा उपाय आहे. भाजलेल्या स्कोनचा एक तुकडा पाण्याने ओला करा आणि त्यावर चिमूटभर हळद टाका. हळद पिवळीच राहिली तर हिशेब बरोबर जमला. तांबडी झाली तर सोडा उरला. हळद आणि चुन्यापासून कुंकू होतं, ते याच गुणामुळे: क्षाराचा हात लागला की हळद लाल होते. शेजारच्या हिंगोली जिल्ह्यातल्या वसमतच्या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. या भागातल्या घराघरांत रसायनशास्त्राचं एक उत्तम उपकरण मिसळणाच्या डब्यात पडून आहे.

हिशेब सोपा आहे: एक कप चांगल्या आंबट ताकाला अर्धा चमचा सोडा. ताक गोडसर असेल तर सोडा कमी. ताकाचा आंबटपणा मात्र रोज बदलतो, उन्हाळ्यात संध्याकाळपर्यंत चढतो, थंडीत दुसऱ्या दिवशीही सौम्य राहतो. मोजून मापून आम्ल मिळालं तर? एकोणिसाव्या शतकात बर्मिंगहॅमच्या एका औषधविक्रेत्याला हाच प्रश्न घरच्या माणसासाठी सोडवायचा होता. त्याचं नाव आल्फ्रेड बर्ड. त्याची पत्नी एलिझाबेथ हिला अंडी सोसत नव्हती आणि यीस्टही सोसत नव्हतं. आधी त्याने तिच्यासाठी बिनअंड्याची कस्टर्ड पावडर केली. मग १८४३ मध्ये यीस्टशिवाय पाव फुगवणारी पूड केली: सोडा, कोरडं आम्ल आणि दोघांना एकमेकांपासून दूर ठेवायला थोडं स्टार्च. कोरडं असेपर्यंत दोघं डब्यात शेजारी शेजारी शांत, ओलावा मिळाला की फसफस. ही बेकिंग पावडर. तव्यावरचा चपटा स्कोन उंच झाला तो अशा पुडींमुळे. एका माणसाने बायकोला पाव खाता यावा म्हणून केलेली खटपट आज जगातल्या जवळपास प्रत्येक केकमध्ये आहे.

आणि त्या पुडीत जे कोरडं आम्ल वापरलं जाऊ लागलं ते कोणतं? टार्टारिक आम्ल आणि त्याचे क्षार. युरोपात ते द्राक्षांच्या दारूच्या पिंपांना आतून खरवडून मिळवत. दारू मुरताना पिंपाच्या आत जी खडबडीत पुटं चढतात, ती याचीच.

पण हेच आम्ल निसर्गाने आणखी एका फळात भरभरून ठेवलंय. चिंचेत! लिंबाचा आंबटपणा सायट्रिक आम्लाचा, ताकाचा लॅक्टिकचा, चिंचेचा टार्टारिकचा. रेणू तोच, द्राक्षात सापडतो तो. आणि लातूर तर चिंचेचा मुलूख. निलंगा तालुक्यातल्या पानचिंचोलीच्या चिंचेला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. उन्हाळा लागताना घराघरांच्या ओसरीवर चिंचा फोडायच्या, चिंचोके काढायचे आणि मिठाचा हात लावून बरणीत भरायच्या, हे काम चालतं तेव्हा तिथे बेकिंग पावडरचा अर्धा भागच साठवला जात असतो.

करून बघा ना. वाटीत दोन मोठे चमचे चिंचेचा घट्ट कोळ घ्या आणि पाव चमचा सोडा टाका. कोळ फुलून वर येईल, तपकिरी फेस वाटीच्या काठाला लागेल. आता चाखा. आंबटपणा ओसरलाय! आम्ल आणि सोडा एकमेकांना खर्ची घालतात, म्हणून एक संपलं की दुसऱ्याची धार जाते. ताकातल्या स्कोनला ताकाची चव फारशी का लागत नाही, त्याचं उत्तर हेच.

फळाकडे वळू. स्कोनमधलं नेहमीचं फळ म्हणजे बेदाणा आणि तो आपल्याकडे येतो मुख्यतः सांगली-तासगावहून. बेदाणा म्हणजे सुकवलेलं द्राक्ष, एवढं सगळ्यांना ठाऊक असतं. पण द्राक्ष सहजासहजी सुकत नाही. त्याच्या सालीवर मेणाचा अतिशय पातळ थर असतो, तो आतलं पाणी बाहेर जाऊ देत नाही. म्हणून घड पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलच्या द्रावणात बुडवून काढतात. मेणाचा थर मोडतो, पाण्याला वाट मिळते आणि शेडमधल्या जाळ्यांवर पंधरा-एक दिवसांत बेदाणा तयार होतो. साधारण ४ किलो द्राक्षांचा १ किलो. आणि हे पोटॅशियम कार्बोनेट कोण? सोड्याचाच सख्खा भाऊ. एक भाऊ द्राक्षातलं पाणी बाहेर काढतो, दुसरा स्कोनमध्ये हवा भरतो.

सुकलेला बेदाणा मात्र तहानलेला असतो. तसाच घातला तर शेजारच्या पिठातलं पाणी ओढून घेतो आणि त्याच्याभोवती पीठ कोरडं पडतं. म्हणून दहा मिनिटं कोमट पाण्यात भिजवायचा, निथळून कपड्याने टिपायचा आणि मग वापरायचा. वर डोकावणारे बेदाणे बोटाने आत दाबायचे. त्यांच्यात निम्म्याहून जास्त साखर असते, उघड्यावर राहिले की जळून कडू होतात.

आता हात चालवू. आठ स्कोनांसाठी २५० ग्रॅम मैदा, हवं तर त्यातला तिसरा हिस्सा कणीक. त्यात १ चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा सोडा, चिमूटभर मीठ आणि ४० ग्रॅम पिठीसाखर चाळून घ्या. चाळणं टाळू नका, सोड्याचा एखादा खडा राहिला तर तिथे तपकिरी, कडवट ठिपका पडतो. ६० ग्रॅम गार बटर बोटांच्या टोकांनी चुरा. तळहात लावू नका, तो गरम असतो. ७५ ग्रॅम बेदाणे मिसळा. मधे आळं करून गार, आंबट, दाटसर ताक घाला, १४० ते १५० मिलिलिटर. सुरीच्या टोकाने किंवा उलथन्याने ढवळून गोळा होईल तेवढंच एकत्र करा.

इथे पोळी करणाऱ्या हाताला आवरावं लागतं. तो हात मळायला आसुसलेला असतो. पण प्रत्येक वळशाबरोबर ते जाळं विणलं जाणार आहे. गोळा ओबडधोबड दिसला तरी चालेल. पोळपाटावर पीठ भुरभुरवा, गोळा हाताने दोन बोटं जाडीचा थापा, मधून दुमडा, पुन्हा थापा. दुमडल्याने थर वाढतात. मग धारदार काठाच्या वाटीने सरळ खाली दाबून चकत्या पाडा. वाटी फिरवू नका. फिरवली की कड लिंपली जाते, पदर एकमेकांना चिकटतात आणि स्कोन एका बाजूला कलतो. दूध लावायचं ते फक्त माथ्यावर, कडेला ओघळू द्यायचं नाही, कारण तेच.

ओव्हन असेल तर २०० ते २२० अंशांवर बारा ते पंधरा मिनिटं. ओव्हन नसेल तर? नांदेड-लातूरकडच्या घरांत भट्टी कुठे होती? पीठ, साखर, तूप डब्यात भरून बेकरीवर न्यायचं आणि बिस्किटं भाजून आणायची, ही इथली जुनी रीत. घरात करायचं तर जाड बुडाच्या कढईत बोटभर मीठ पसरा, त्यावर रिंग ठेवा, झाकण लावून दहा मिनिटं तापवा. मीठ वितळायला ८०० अंश लागतात, त्यामुळे त्याला काही होत नाही, ते नुसती उष्णता धरून ठेवतं आणि सारखी वाटतं. ताटलीला तूप लावून तिच्यात चकत्या ठेवा आणि मध्यम आचेवर वीस ते पंचवीस मिनिटं झाकून भाजा. माथा फिका राहिला तर शेवटी तापल्या तव्यावर मिनिटभर उलटा टेकवा. स्कोनची सुरुवात तव्यावरच झाली होती, तवा त्याला परका नाही.

झाकणाखाली त्या वेळात जे चालतं, ती खरी शर्यत आहे. आधी बटर वितळतं आणि पोकळ्या मोकळ्या होतात. पन्नास-साठ अंशांच्या पुढे सोडा आणि बेकिंग पावडर उरलासुरला वायू सोडतात, बुडबुडे फुगतात, चकती वर चढायला लागते. पण या क्षणी ती ओल्या पिठाची आहे. आच बंद केली तर खाली बसेल. साठ ते पंच्याहत्तर अंशांच्या दरम्यान स्टार्चचे कण पाणी पिऊन फुगतात, घट्ट होतात. ऐंशीच्या आसपास प्रथिनं आवळली जातात. घराचा स्लॅब टाकतात तेव्हा खालच्या सेंट्रिंगवर काँक्रीट ओततात आणि ते पक्कं झाल्यावरच टेकू काढतात. इथे वायू आणि वाफ हे सेंट्रिंग, स्टार्च आणि प्रथिनं हे काँक्रीट. वायू आधी संपला तर स्कोन दडस राहतो. भिंती आधी पक्क्या झाल्या तर वायूला उचलायला काही उरत नाही आणि तो माथा फोडून निघून जातो. दोघांची वेळ जुळली की स्कोन उभा राहतो. म्हणून ताक घातल्यावर गप्पा मारत बसायचं नाही, आणि म्हणूनच भट्टी आधीच कडक तापलेली हवी.

या सगळ्या वेळात स्कोनच्या पोटात तापमान शंभर अंशांच्या पुढे जात नाही, कारण तिथे पाणी आहे. कवचावरचं पाणी मात्र उडून जातं आणि तिथे पारा १४० च्या पुढे चढतो. मग साखर आणि प्रथिनं एकमेकांत गुंतून शेकडो नवे सुगंधी रेणू तयार होतात. लुई-कामिय माय्यार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये या क्रियेचं वर्णन केलं, म्हणून तिला त्याचं नाव आहे. माथ्यावर लावलेल्या दुधात साखरही असते आणि प्रथिनंही, म्हणून दूध लावलेला माथा सोनेरी होतो. भाकरीच्या तपकिरी ठिपक्यांचा वास, भाजलेल्या शेंगदाण्यांचा, येसराच्या मसाल्याचा, या सगळ्यांत तीच क्रिया काम करत असते.

ताजा स्कोन त्याच दिवशी खावा. स्टार्च गार होताना पुन्हा कडक व्हायला लागतो आणि फ्रीजच्या गारव्यात हे सगळ्यात झपाट्याने होतं, म्हणून उरलेले स्कोन फ्रीजमध्ये ठेवू नका, डब्यात ठेवा आणि तव्यावर शेकून घ्या. सगळे एकदम भाजायचे नसतील तर कच्च्या चकत्या बर्फाच्या कप्प्यात ठेवा आणि कडक असतानाच भट्टीत घाला. बटर इतकं गार असतं की पदर आणखी छान सुटतात.

आणि एकदा तरी मराठवाड्याचा स्कोन करा. साखरेऐवजी किसलेला गूळ घ्या, बेदाण्यांऐवजी बारीक चिरलेली खारीक. ताकाच्या जागी दूध घ्या आणि त्यात दोन मोठे चमचे चिंचेचा घट्ट कोळ. दूध जरा फाटेल, फाटू द्या. बाकी सगळं तसंच. पिठाला रंग येतो तांबूस, वर खारकेचा गोडवा, आणि फुगवायचं काम पानचिंचोलीची चिंच करते. चिंचेचं हे सामर्थ्य आमटीत कधी दिसलं नाही, कारण तिथे तिला फुगवायला काही दिलंच नव्हतं. आता पीठ द्या.